एमआरआय वाच, पण कोड डॉक्टरांच्या वाक्याला दे

पत्र

ताई, मी डिचोलीची. बी.एस्सी. झाल्यावर मेडिकल कोडिंगचा, म्हणजे डॉक्टरांच्या नोंदींवरून विम्याच्या बिलासाठी कोड देण्याचा कोर्स केला, सीपीसी ही कोडरची परीक्षा पास झाले आणि आता घरूनच अमेरिकेतल्या हाडांच्या आणि पेन क्लिनिकच्या ओपीडी चार्टचं काम करते. कंपनीला ९५ टक्के ॲक्युरसी लागते आणि माझी त्याखाली घसरलीय. क्यूएचा, म्हणजे आमचं काम तपासणाऱ्यांचा रिपोर्ट उघडून पाहिला तर निम्म्याहून जास्त चुका कंबरदुखीच्या चार्टमध्ये. एमआरआयमध्ये डिस्क (मणक्यांमधली गादी) बाहेर आलेली स्पष्ट दिसते म्हणून डिस्कचा कोड दिला, चूक. डॉक्टरांनी 'प्रोबेबल डिस्क हर्निएशन' लिहिलं होतं तिथे दिला, तीही चूक. कंबर आणि डावा पाय दोन्ही दुखतात म्हणून दोन कोड दिले, चूक. खोका उचलताना कंबरेत उसण भरली, त्याला दुखण्याचा आणि दुखापतीचा असे दोन्ही दिले, तेही चूक. आमचा टीएल (टीम लीडर) म्हणतो, एम५४.५० ला, म्हणजे नुसत्या कंबरदुखीच्या कोडाला पैसे मिळत नाहीत, जमेल तिथे डिस्क टाका. मग मी ऐकू कुणाचं?

आणखी एक. फोंड्याचे माझे मामा कंबर धरली म्हणून पणजीच्या एका खासगी इस्पितळात दोन रात्री होते. त्यांच्या क्लेम फॉर्मवर एम५४.५ लिहिलेला पाहून मी घाबरले, कारण हा कोड बाद झालाय. मी त्यांना इस्पितळात परत पाठवलं. तिथल्या माणसाने कोड बदलायला नकार दिला. आता मामा माझ्यावर रागावलेत आणि फॉर्म तसाच पडून आहे.
स., डिचोली

उत्तर

स., आधी मामांचं बघू. त्यांचे पैसे अडकलेत.

इस्पितळातला माणूस बरोबर होता. एम५४.५ बाद झाला तो अमेरिकेत. मूळ आयसीडी-१० जागतिक आरोग्य संघटनेचं, १९९० साली मंजूर झालेलं. अमेरिकेने त्यावरून स्वतःची वाढवलेली आवृत्ती तयार केली, ती आयसीडी-१०-सीएम. १ ऑक्टोबर २०१५ पासून तिथल्या बिलांवर तीच चालते. त्याआधी आयसीडी-९ होतं आणि कंबरदुखी म्हणजे ७२४.२. तू शिकलीस आणि रोज वापरतेस ती ही अमेरिकन आवृत्ती. मामांच्या क्लेम फॉर्मचा भाग ब इस्पितळाने भरायचा असतो, त्यात आयसीडी-१० चा रकाना असतो, आणि आपल्याकडे त्या रकान्यात मूळ आयसीडी-१० चा कोड येतो. त्यात एम५४.५ म्हणजे आजही 'लो बॅक पेन'च.

गंमत पुढेच आहे. मूळ पुस्तकात या कोडापुढे हवा तर पाचवा आकडा लावता येतो, पण तो मणक्याची जागा सांगतो: ६ म्हणजे कंबरेचा भाग, ७ म्हणजे कंबर आणि माकडहाडाच्या वरचा सांधा, ० म्हणजे मणक्यात एकाहून जास्त ठिकाणी. तुझ्या आग्रहाखातर त्यांनी एम५४.५० लिहून दिला असता तर मूळ पुस्तकाच्या हिशोबाने मामांचं दुखणं मणकाभर पसरलं असतं.

मामांच्या क्लेमला धोका असलाच तर तो कोडात नाही, दोन रात्रींत काय झालं त्यात आहे. भारतातल्या आरोग्य विम्यात ठरावीक शब्दांतले अपवाद असतात. त्यातला चौथा म्हणतो की केवळ तपासण्यांसाठी भरती झाल्यास खर्च मिळणार नाही, आणि पाचवा म्हणतो की केवळ विश्रांतीसाठी झाल्यास मिळणार नाही. कंबरदुखीचे पुष्कळ क्लेम या दोन दगडांना ठेचकाळतात, कारण कागदावर दिसतं ते एवढंच: एमआरआय काढला, दोन दिवस झोपवून ठेवलं, घरी पाठवलं. मामांच्या डिस्चार्ज समरीत भरती का करावी लागली ते लिहिलंय का बघ. उभं राहता येत नव्हतं, गोळ्यांनी कळ थांबेना, शिरेतून औषध द्यावं लागलं, असं खरोखर घडलं असेल आणि समरीत राहून गेलं असेल तर डॉक्टरांना भेटून ते लिहून घ्यायला हरकत नाही. घडलं नसेल तर लिहून घेऊ नका.

दुसरं, पॉलिसी किती जुनी आहे? डिस्क सरकणं आणि मणक्याचे आजार यांना अनेक पॉलिसींमध्ये २४ महिने थांबावं लागतं, अपघाताने झालं असेल तर सूट असते. कागद देण्याची मुदत पॉलिसीत छापलेली असते, ती टळायच्या आत फॉर्म आहे तसा पाठवा. मामांची समजूत काढायचं काम तुझं तू कर.

आता तुझे चार्ट.

चार चुका वेगवेगळ्या दिसतात, पण पहिल्या दोन तरी एकाच जागी घडल्यात. डॉक्टरांनी जिथे निदान करायचं सोडलं, तिथून पुढे तू सुरू केलंस. तुझं प्राणिशास्त्र पक्कं असणार, म्हणून हात शिवशिवतात. पण मामलेदार कचेरीतला कारकून एक-चौदाचा (जमिनीच्या नोंदीचा) उतारा देतो तेव्हा शेत कोण कसतं हे त्याला अख्ख्या गावाइतकंच ठाऊक असतं. तरी नोंदीत नसलेल्या कुळाचं नाव तो पदरचं घालत नाही. ज्याचं नाव चढायला हवं त्याने अर्ज करायचा, अधिकाऱ्याने निवाडा द्यायचा, मग ते उताऱ्यावर यायचं. तुझी खुर्ची त्या कारकुनाची आहे. यात कमीपणा काही नाही. उलट उताऱ्यावर लोक विश्वास ठेवतात ते याचमुळे.

एमआरआयवाल्या चुकीपाशी जरा जास्त थांबते, कारण नव्या कोडरांपैकी जवळजवळ प्रत्येक जण इथे पडतो. चार्टच्या असेसमेंटमध्ये, म्हणजे निदानाच्या भागात डॉक्टरांनी लिहिलंय 'लो बॅक पेन'. खाली रेडिऑलॉजिस्टचा रिपोर्ट जोडलेला, त्यात एल४-एल५ची, म्हणजे कंबरेच्या चौथ्या-पाचव्या मणक्यांमधली डिस्क बाहेर आलेली. तुला वाटलं, कारण सापडलं, आणि तू सरकलेल्या डिस्कचा एम५१.२६ दिलास. पण कारण सापडलं हे ठरवलं कुणी? २०१५ साली एक मोठा आढावा प्रसिद्ध झाला. ३३ अभ्यास, ३,११० माणसं, आणि त्यातल्या एकालाही पाठीचं दुखणं नव्हतं. तरी विशीतल्या ३० टक्के लोकांत डिस्कचा फुगवटा दिसला आणि ऐंशीतल्या ८४ टक्के लोकांत. डिस्क झिजल्याची खूण विशीत ३७ टक्के, ऐंशीत ९६ टक्के. डिस्क पुढे सरकलेलीसुद्धा विशीतच २९ टक्के लोकांत होती. उद्या साखळीच्या बाजारात भाजी घेत उभ्या असलेल्या साठीतल्या दहा ठणठणीत माणसांना एमआरआयखाली घातलंस तर निम्म्याहून जास्त जणांच्या रिपोर्टात काहीतरी निघेल. त्यांना काही दुखत नाही.

म्हणून चित्रात डिस्क दिसणं ही एक गोष्ट आणि या माणसाची कंबर त्या डिस्कमुळे दुखते हा निष्कर्ष ही दुसरी. दुसरी गोष्ट रुग्णाला तपासणारा डॉक्टर म्हणतो. बोटं कुठे बधिर झाली, पाय सरळ उचलल्यावर कळ कुठपर्यंत गेली, आणि ते एमआरआयशी जुळतं का, हे त्याने पाहिलेलं असतं. त्याने तीन पानांचा रिपोर्ट वाचूनही 'लो बॅक पेन' एवढंच लिहिलं असेल, तर कदाचित त्याला डिस्क निर्दोष वाटली. कदाचित तो घाईत होता. तुला डिचोलीत बसून ते कळणार नाही, आणि कळत नाही तिथे विचारायचं असतं. त्याकडे येते.

एक अपवाद लक्षात ठेव, नाहीतर उद्या उलटी चूक करशील. त्याच एमआरआयचं बिल रेडिऑलॉजी सेंटरकडून आलं तर तिथे निष्कर्ष काढणारा डॉक्टर हा रेडिऑलॉजिस्टच. अंतिम रिपोर्ट हातात असेल तर त्यात पक्कं म्हणून लिहिलेलं निदान कोड करायचं, असं अमेरिकन कोडिंगच्या ओपीडीसाठीच्या मार्गदर्शक सूचनाच सांगतात. एकच एमआरआय, दोन बिलं, आणि दोन वेगळे कोड बरोबर असू शकतात.

हाडांच्या डॉक्टरांनी स्वतः लिहिलं की कंबरदुखी या सरकलेल्या डिस्कमुळे, तर एम५१.२६ खुशाल दे, आणि मग कंबरदुखीचा वेगळा कोड जोडू नकोस; एम५४.५ खालची वगळण्याची टीप त्यालाच मनाई करते. जागा मात्र नीट बघ. एल४-एल५ असेल तर शेवटी ६, एल५-एस१ असेल तर ७. आणि झिजलेल्या डिस्कचा एम५१.३६ पाठ केला असशील तर तो विसर. ऑक्टोबर २०२४ पासून त्याला सहावा आकडा लागतो: फक्त कंबर दुखते तर ०, फक्त पाय तर १, दोन्ही तर २, दुखण्याचा उल्लेखच नसेल तर ९. एल५-एस१च्या एम५१.३७ चंही तसंच.

'प्रोबेबल'चं थोडक्यात. ओपीडीत 'प्रोबेबल', 'सस्पेक्टेड', 'रूल आउट', 'वर्किंग डायग्नोसिस', 'कन्सिस्टंट विथ' या शब्दांमागे जे येतं ते कोड होत नाही. त्या दिवशी जेवढं पक्कं होतं तेवढंच द्यायचं, म्हणजे इथे दुखणं. इस्पितळात भरती झालेल्या रुग्णाला डिस्चार्जच्या वेळी तेच शब्द लिहिले असतील तर नियम बरोबर उलटा: आजार आहे असं धरून कोड द्यायचा. तुझ्या कोर्समध्ये दोन्ही एकाच आठवड्यात शिकवले असणार, म्हणून डोक्यात गल्लत होते. तू ओपीडी करतेस, तोवर दुसरा नियम बाजूला ठेव.

तिसरी चूक मला चार्ट पाहिल्याशिवाय मान्य नाही. डॉक्टरांनी कंबरदुखी आणि डावीकडची सायटिका (कंबरेतून पायात उतरणाऱ्या नसेचं दुखणं) असं लिहिलं असेल, तर तुझे एम५४.५० आणि एम५४.३२ हे दोन कोड चुकलेच. दोन्ही मिळून एकच कोड आहे: डावीकडे एम५४.४२, उजवीकडे एम५४.४१. सायटिका डिस्कमुळे असं डॉक्टरांनी ठरवलं असेल तर तोही नाही, मग एम५१.१६ किंवा एम५१.१७. पण डॉक्टरांनी सायटिका हा शब्द वापरलाच नसेल, नुसतं 'लो बॅक पेन, लेफ्ट लेग पेन' लिहिलं असेल, तर? पाय दुखतो म्हणजे सायटिका असं नसतं. खुब्याचा सांधा, गुडघा, रक्तवाहिन्या, कशानेही दुखेल. मग एम५४.५० आणि पायदुखीचा एम७९.६०५ हे दोन कोडच बरोबर, आणि त्यांना जोडून एम५४.४२ करणारा क्यूए चुकला. पत्रात तू लिहिलंयस 'कंबर आणि डावा पाय दोन्ही दुखतात'. हे शब्द डॉक्टरांचे की तुझे, आणि दुसरा कोड तू कोणता दिला होतास, यावर सगळं अडलंय.

खोक्याच्या चार्टला दोन कोड लागत नाहीत. उचलताना स्नायू ताणला गेला असं डॉक्टरांनी लिहिलं की एस३९.०१२, आणि दुखणं त्यातच आलं. अस्थिबंध मुरगळला असं लिहिलं तर एस३३.५. दोन्हींना सातवं अक्षर हवं, एस३३.५ च्या मधल्या रिकाम्या जागी दोन एक्स भरायचे. त्या सातव्या अक्षरात लोक फसतात. 'ए' म्हणजे पहिली भेट नव्हे, इलाज चालू असणं. तिसऱ्या डॉक्टरांकडे पहिल्यांदा गेलेला माणूस बरा होण्याच्या टप्प्यात फिजिओथेरपी घेत असेल तर 'डी'. आणि दहा वर्षांपूर्वी कंबर लचकली, तेव्हापासून पावसाळा आला की दुखते, असली गोष्ट दुखापतीच्या प्रकरणात जात नाही. जुनं आणि पुन्हा पुन्हा उपटणारं दुखणं सहसा 'एम'मध्ये, म्हणजे हाडं-स्नायूंच्या आजारांच्या प्रकरणात राहतं.

तू विचारलं नाहीस, पण पेन क्लिनिकचे चार्ट करतेस म्हणून सांगते. डॉक्टरांनी 'क्रॉनिक' लिहिलं असेल आणि भेट दुखणं आटोक्यात आणण्यासाठीच असेल, तर जुनाट दुखण्याचा जी८९.२९ पहिला आणि एम५४.५० त्याच्या मागे. किती महिन्यांनी दुखणं क्रॉनिक होतं याची मर्यादा मार्गदर्शक सूचनांत ठरवलेली नाही. डॉक्टर क्रॉनिक म्हणाले तर क्रॉनिक. महिने तू मोजू नकोस.

एम५४.५० बद्दल तुमच्या टीममध्ये जी अढी दिसते ती मला पटत नाही. 'अनस्पेसिफाइड' दिसलं की कोडर आळशी, असं धरून चाललेत सगळे. जागतिक आरोग्य संघटनेच्या आकड्यांनुसार २०२० साली जगात ६१.९ कोटी लोकांना कंबरदुखी होती, आणि त्यातली सुमारे ९० टक्के दुखणी अशी की नेमकं कोणत्या भागामुळे दुखतं ते सांगता येत नाही. जे डॉक्टरलाच नेमकं सांगता येत नाही ते कोडात नेमकं कुठून येणार? सूचनांत स्पष्ट लिहिलंय की उपलब्ध माहितीचं खरं चित्र लक्षणाच्या किंवा अनस्पेसिफाइड कोडानेच उमटत असेल तर तोच द्यावा. बांबोळीला गोमेकॉच्या (गोवा मेडिकल कॉलेजच्या) ओपीडीच्या कागदावर डॉक्टर 'एलबीए' (लो बॅकएक) अशी तीन अक्षरं लिहितात, तेही प्रामाणिक निदानच असतं.

१ ऑक्टोबर २०२१ ला एम५४.५ चे तीन तुकडे झाले, त्यातला .५१ मात्र जपून वापर. तो मणक्याच्या हाडाच्या वरच्या-खालच्या पृष्ठांतून उठणाऱ्या दुखण्यासाठी आहे. हाडाच्या आतून जाणारी एक नस ते दुखणं वाहून नेते असं मानतात, आणि ती नस जाळण्याच्या उपचारालाही १ जानेवारी २०२२ पासून ६४६२८ आणि ६४६२९ हे स्वतःचे कोड मिळाले. एमआरआयमध्ये 'मोडिक चेंजेस' (त्याच पृष्ठांलगतच्या हाडातले बदल) दिसले म्हणून .५१ देणं म्हणजे तुझी पहिलीच चूक नव्या कपड्यांत. डॉक्टरांनी 'व्हर्टेब्रोजेनिक' किंवा एंडप्लेटचं दुखणं असं लिहायला हवं. डॉक्टरांनी नाव घेतलेला पण इतर कुठल्या कोडात न बसणारा प्रकार .५९ मध्ये जातो, उरलेलं सगळं .५० मध्ये.

आता टीएलचं. त्याच्या बोलण्यात अर्धं सत्य आहे. मणक्यात स्टिरॉइडचं इंजेक्शन देण्यासारख्या उपचारांना अमेरिकेतले विमेवाले नसेच्या दुखण्याचं निदान मागतात, नुसती कंबरदुखी दाखवली तर नाकारतात. त्याने असे डिनायल पाहिले असणार. पण त्यावरून एम५४.५० ला पैसेच मिळत नाहीत असं म्हणणं चूक. मेडिकेअरने (अमेरिकेतल्या मुख्यतः वृद्धांसाठीच्या सरकारी विम्याने) २१ जानेवारी २०२० पासून जुन्या कंबरदुखीसाठी ॲक्युपंक्चर मान्य केलं, ९० दिवसांत १२ वेळा, सुधारणा दिसली तर आणखी ८. त्याची अट काय? दुखणं १२ आठवडे किंवा त्याहून जुनं हवं आणि त्यामागे कर्करोग, जंतुसंसर्ग असं ओळखता येणारं कारण नको. म्हणजे तिथे साध्या कंबरदुखीलाच पैसे मिळतात.

आणि समज मिळत नसले, तरी? डिस्क टाकल्याने बिल निघतं ते खोट्या निदानावर. सरकारी योजनेच्या बिलात हे जाणूनबुजून केलं तर अमेरिकेचा फॉल्स क्लेम्स ॲक्ट लागतो. यादवी युद्धात सैन्याला सडका माल विकणाऱ्या ठेकेदारांना वठणीवर आणण्यासाठी १८६३ साली केलेला कायदा आज इस्पितळांच्या बिलांना धरतो. पण मला जास्त टोचतं ते वेगळं. तिकडच्या कुणा ट्रक ड्रायव्हरच्या नोंदीत मणक्याचा आजार चिकटून राहतो, जो त्याला कुणी सांगितलेला नाही. पुढे नोकरीची तपासणी, आयुर्विमा, अपघाताची भरपाई, सगळीकडे तो कागद आडवा येऊ शकतो. आपल्याकडे आधीपासूनचा आजार म्हणून क्लेम नाकारला जातो तेव्हा घराघरांत काय होतं ते मामांच्या निमित्ताने तू पाहतेच आहेस.

बरोबर रस्ता क्वेरीचा, म्हणजे डॉक्टरांना लेखी विचारण्याचा. डॉक्टरांच्या नोंदीत पाय बधिर, पाय उचलल्यावर कळ, एमआरआयमध्ये त्याच बाजूची डिस्क, आणि असेसमेंटमध्ये मात्र नुसतं 'लो बॅक पेन' असेल, तर विचारायला आधार आहे. प्रश्नात हे निष्कर्ष तारखेसकट मांड आणि पुढे लिही की आपल्या मते या दुखण्याचं निदान काय ते कृपया स्पष्ट करावं. पर्याय द्यायचे तर नोंदींशी जुळणारे दे, आणि शेवटी 'इतर' व 'सांगता येत नाही' हे दोन ठेव. 'डिस्क आहे ना?' असं विचारायचं नाही. कोणत्या उत्तराला किती पैसे मिळतील हे तर अजिबात लिहायचं नाही. उत्तराकडे ढकलणारी क्वेरी ऑडिटमध्ये नसलेल्या क्वेरीपेक्षा वाईट ठरते. आणि नोंदीत काहीच आधार नसेल तर क्वेरीही पाठवू नकोस. दर चार्टला क्वेरी येऊ लागली की क्लिनिकवाले वाचणं सोडतात.

टीएलशी चॅटवर वाद घालू नकोस. साधी मेल कर: कंबरदुखीच्या चार्टवर डिस्कचा कोड केव्हा द्यायचा याची क्लायंटची लेखी सूचना असेल तर पाठवावी, म्हणजे मी तसंच करीन, तोवर मी डॉक्टरांच्या असेसमेंटप्रमाणे कोड देते आहे. एवढंच. आरोप नको, फॉल्स क्लेम्सचं पांडित्य नको. माझा अनुभव असा की अशा मेलला बहुतेक वेळा उत्तर येत नाही आणि तोंडी सूचनाही त्या दिवसापासून थांबतात. उत्तरात खरोखरच 'डॉक्टरांनी लिहिलं नसलं तरी डिस्क टाका' असं आलं, तर ती मेल कंपनीच्या कम्प्लायन्सकडे, म्हणजे नियम पाळले जातात का ते बघणाऱ्या विभागाकडे पाठव. ते कठीण आहे, घरून काम करणाऱ्या नवख्या मुलीला जास्तच. पण चार्टवर लॉगिन आयडी तुझा असतो, टीएलचा नसतो. क्यूए आणि टीएल यांत कुणाचं ऐकू असं विचारलंस, तर या बाबतीत क्यूएचं.

फक्त क्यूएचंही डोळे झाकून नको. तिसरा चार्ट आज उघड, असेसमेंटमधलं वाक्य जसंच्या तसं उतरवून घे. त्यात सायटिका नसेल आणि तू दिलेला दुसरा कोड एम७९.६०५ असेल, तर एम५४.४ आणि एम७९.६ यांच्या नोंदी जोडून रिबटल, म्हणजे क्यूएच्या शेऱ्यावर लेखी हरकत टाक. एम५४.३२ दिला असशील तर दोघंही चुकलात, मग रिबटल टाकून उपयोग नाही. रिबटलची मुदत बहुतेक ठिकाणी थोड्याच दिवसांची असते, ती आधी तपास.